कणकुंबीचा पाणलोट: शेजारचे उगम, वेगळे समुद्र

शहापूरचा वाचक: बेळगाव जिल्ह्यातल्या कणकुंबीला उगम पावणारी मलप्रभा पूर्वेकडे वाहत कूडलसंगमाला कृष्णेस मिळते, खानापूर तालुक्यातच, भीमगडच्या रानात उगवणारी म्हादई मात्र गोव्यात मांडवी होऊन पणजीपाशी अरबी समुद्र गाठते. इतक्या जवळच्या उगमांच्या वाटा अशा विरुद्ध कशा?

खानापूरकर: सह्याद्रीचा माथा दोन्ही अंगांना सारखा उतरत नाही. पश्चिमेस कडा तुटलेला आहे, तर पूर्वेस पठार अगदी संथपणे कलत जाते, त्यामुळे पाण्याची दिशा माथ्यावरच्या एखाद्या क्षुल्लक वाटणाऱ्या सोंडेवरून ठरते. जांबोटीहून निघालेला रस्ता बराच वेळ झाडीतून जवळपास सपाट जातो आणि चोर्ला ओलांडल्यावर एकदम वळणे घेत खाली उतरू लागतो, हे आपण पाहिले असेलच.

घाटमाथा: शिवाय पश्चिमेकडचे ओढे आखूड आणि तीव्र उताराचे असल्याने ते उगमाच्या दिशेने खडक कोरत मागे सरकतात, आणि दीर्घ काळात पाणलोटाची रेषाही पूर्वेकडे ढकलली जाते. (म्हादईच्या पाण्यावरचा राज्यांमधला तंटा या धाग्यात नको, ही विनंती.)

शहापूरचा वाचक: आभारी आहे. मग मलप्रभेच्या वाटेवर पूर्वेला असलेल्या सौंदत्तीकडे रान का दिसत नाही?

खानापूरकर: अरबी समुद्रावरून आलेले ढग माथ्यावरच बहुतेक रिते होतात आणि पुढे पर्जन्यछाया, म्हणजे डोंगराआडचा कमी पावसाचा पट्टा, लागतो. सौंदत्तीजवळच्या, मलप्रभेवरील नविलुतीर्थ धरणाची भिस्त म्हणूनच तिथल्या आभाळापेक्षा खानापूरच्या पावसावर अधिक असते.