जड स्विच घेण्याआधी
संगणकावर खेळताना कीबोर्डाच्या कळा चुकून दाबल्या जात असतील तर सरळ जड स्विचचा (म्हणजे कळेखालची जी यंत्रणा दाबायला जास्त बळ लागते तिचा) कीबोर्ड घ्यावा, असा सल्ला दिला जातो. तो चुकीचा नाही, परंतु तो शेवटचा उपाय असावा. खेळ ऐन रंगात आलेला असताना डाव्या कंट्रोलऐवजी शेजारची विंडोज कळ दाबली जाऊन स्टार्ट मेनू उघडतो, तेव्हा स्विच जड असल्याने फारसा फरक पडत नाही; पुष्कळ गेमिंग कीबोर्डांवर ही कळ बंद ठेवणारा गेम मोड असतो आणि तो नसल्यास मायक्रोसॉफ्टच्या पॉवरटॉइज या साधनसंचातील कीबोर्ड मॅनेजरने ती निष्क्रिय करता येते. शिफ्ट सलग ५ वेळा दाबल्यावर डोके वर काढणारी स्टिकी कीजची (शिफ्ट, कंट्रोलसारख्या कळा धरून न ठेवता एकेक करून दाबू देणाऱ्या सुविधेची) सूचनाही सेटिंग्जमधून बंद करावी.

बोट नुसते टेकताच कळ लागत असेल, तर मात्र स्विचकडे वळावे. चेरी कंपनीच्या एमएक्स स्विचांपैकी स्पीड सिल्व्हर कळ १.२ मिमी खाली जाताच कार्यान्वित होतो, रेड २ मिमीवर. बळ दोन्हींना ४५ सेंटिन्यूटनच (बळाचे एकक) लागते, त्यांच्याच जड ब्लॅक स्विचला ६०. (सिल्व्हरचा हा चपळपणा टंकलेखनात तापच ठरतो.) कार्यान्वयनाचे अंतर बदलता येणारा हॉल इफेक्ट (चुंबकाच्या साहाय्याने कळ किती दाबली हे ओळखणारा) कीबोर्ड असल्यास हालचालीच्या कळा उथळ ठेवून ग्रेनेडची कळ तेवढी खोल करावी, म्हणजे वेगही जात नाही.