किमोनो भाड्याने घेण्याबद्दल तातडीने मदत हवी आहे

चाफेकळी
नमस्कार. किमोनो भाड्याने घेऊन दिवसभर फिरायचं आहे. दुकानाचा ऑनलाइन फॉर्म भरायला बसले, तर उंचीसोबत नितंबाचा घेरही विचारतायत. आणि पुरुषांच्या रकान्यात उंची १८० सेंटिमीटरला संपते, आमचे हे १८८ आहेत. तिथेच अडकले आहे. घेर कशाला लागतो? अंदाजे टाकला तर चालेल का? दुसरं म्हणजे आईला जमेल का? परवाचं बुकिंग करायचं आहे आणि वेळा भराभर संपतायत. ज्यांनी स्वतः घेतलाय त्यांनी कृपया लवकर सांगा. गूगल करून झालंय.

देशोदेशी
डोळे मिटून टोकियोत असाकुसाला घ्या. सेन्सोजी मंदिराच्या आजूबाजूला गल्लोगल्ली दुकानं आहेत, रस्ते सपाट आहेत, मेट्रो दाराशी. आम्ही तिथेच घेतला होता, फोटो फार सुंदर आले. मंदिरासमोरच्या नाकामिसे बाजारात मात्र गर्दीच्या आधी, सकाळी लवकर जा.

गोदाकाठ
ताई, शहर कोणतं? महिना कोणता? किती जण आहात? आईंना नेमका काय त्रास आहे? आणि दिवसभरात कुठे कुठे जाणार? हे कळल्याशिवाय उत्तर कसं देणार?

चाफेकळी
क्योतो. टोकियो झालं आमचं. आत्ता ओसाकात आहोत. मी, नवरा, आई आणि मुलगी. बेत असा: सकाळी किमोनो घालून फुशिमी इनारीचं देऊळ, मग कियोमिझु मंदिर, दुपारी अराशियामाचं बांबूचं बन, संध्याकाळी गिओनची जुनी वस्ती. घेराचं कुणी सांगेल का?

सह्यवारा
नोव्हेंबर संपत आलाय म्हणजे पानं लाल झाली असतील. मजा आहे तुमची! किमोनोऐवजी युकाता घ्या. सुटसुटीत असतो, स्वस्त पडतो, थर कमी असतात. आईंनाही झेपेल.

योकोहामावासी
सह्यवारा, कृपया असं सुचवू नका. युकाता उन्हाळ्याचा, आतून अस्तर नसलेला सुती पोशाख आहे. जुलै-ऑगस्टच्या जत्रांना, आतषबाजीला घालतात. नोव्हेंबरअखेरीस क्योतोत त्यात कुडकुडायला होईल, आणि तो ऋतूला धरूनही नाही. ऑक्टोबर ते मे अस्तराचा किमोनो, जून आणि सप्टेंबरात बिनअस्तराचा, भर उन्हाळ्यात जाळीदार विणीचा, अशी इथली रीत आहे. आता वरून हाओरी मागा, म्हणजे कोटासारखं वस्त्र.

चाफेकळी, मी इथे किमोनो नेसवायला शिकले आहे, म्हणून घेराचं सांगते. किमोनो अंगाभोवती गुंडाळतात, डावी बाजू उजवीच्या वर. पुढची पाती एकमेकांवर किती चढतील हे घेरावर ठरतं. घेर कमी सांगितलात तर पाती जेमतेम भेटतात आणि चालताना पुढून उघडतात, मग दिवसभर हाताने धरून चालायचं. तेव्हा लाजू नका, टेपने मोजा आणि खरा आकडा लिहा. बायकांना उंचीचं तितकं अडत नाही, कारण जास्तीचं कापड कमरेशी दुमडून घेतात, त्याला ओहाशोरी म्हणतात. पुरुषांच्या किमोनोला ही दुमड नसते. म्हणून त्यांना लांबी बेताची बरोबर लागते, आणि म्हणूनच तो रकाना १८० ला संपतो.

चाफेकळी
अखेर कुणीतरी सांगितलं, आभार! मग १८८ चं काय करू? १८० निवडून पुढे जाऊ?

योकोहामावासी
मुळीच नको. घोटे उघडे पडतील आणि बाह्याही मनगटाच्या बऱ्याच वर राहतील. दुकानाला आजच ईमेल करा, उंची आणि पावलाची लांबी सेंटिमीटरमध्ये कळवा, मोठ्या मापाचा आहे का विचारा. बऱ्याच दुकानांत असतो, पण मोजकेच नग असतात, ते आधी बाजूला काढून ठेवावे लागतात. अगदीच नसेल तर हाकामा आहे का विचारा. तो घोळदार चुण्यांचा लेंगा किमोनोवरून बांधतात, त्यात लांबीची कमतरता बरीच झाकली जाते. पुरुषांचा ओबी, म्हणजे किमोनोचा पट्टा, पोटाखाली, कंबरेवर बसतो, त्यामुळे पोटाची काळजी नको.

जुनाबाजार
भाड्याने कशाला घेता? भाड्याच्या पैशांत जुना, खऱ्या रेशमाचा किमोनो विकत मिळतो. क्योतोत दर महिन्याच्या २१ तारखेला तोजी मंदिरात आणि २५ ला कितानो तेनमानगूत मोठा बाजार भरतो. जुन्या किमोनोंचे ढीगच्या ढीग असतात. भाड्याचे बहुतेक पॉलिएस्टरचे. हात लावला की फरक कळतो. माझ्याकडे तिथला एक किमोनो आहे, आतलं अस्तरही हाताने शिवलेलं आहे. असं काम आता कोण करतं?

गोदाकाठ
पण नेसवणार कोण? ओबी बांधायलाच शिकावं लागतं. आणि १८८ सेंटिमीटरच्या माणसाला जुना किमोनो मिळणं कठीण, तेव्हाच्या लोकांच्या मापाने शिवलेले असतात ते.

जुनाबाजार
काही दुकानं फक्त नेसवण्याचे पैसे घेऊन नेसवून देतात. माझा मुद्दा इतकाच की चारशे-पाचशे वर्षं क्योतोच्या निशिजिन या विणकरांच्या वस्तीत ज्या मागांवर रेशीम विणलं जातंय, तिथे जाऊन छापील पॉलिएस्टर घालायचं, हे मला पटत नाही. पैठणीच्या गावात जाऊन नायलॉनची साडी नेसाल का?

योकोहामावासी
तुमची तळमळ पोचते, खरंच. पण पॉलिएस्टरला कमी लेखू नका. धुता येतं, रिमझिम पावसात डाग धरत नाही, लहान मुलीने मात्चा आइस्क्रीम सांडलं तर जीव जात नाही. रेशीम भिजलं की आक्रसतं. पहिल्यांदा घालणाऱ्याने दिवसभर डागाच्या भीतीत फिरण्यापेक्षा हे बरं. रेशीम बघायचंय तर निशिजिनला जाऊन माग चालताना बघावेत.

आता मूळ गोष्ट. चाफेकळी, तुमचा बेत किमोनोत होणार नाही. इनारीला वरपर्यंत जायचं तर डोंगर २३३ मीटरचा, पायऱ्याच पायऱ्या. किमोनोत पाऊल अर्धंच पडतं. झोरी, म्हणजे त्या सपाट चपला, अंगठ्याच्या बेचक्यात घासतात. तिथून शहर ओलांडून अराशियामा, मग परत गिओन. दुपारपर्यंत सगळ्यांचे पाय दुखायला लागतील, आणि बहुतेक दुकानं ५-६ वाजेपर्यंत किमोनो परत मागतात. सूर्य सध्या पावणेपाचलाच मावळतो.

चाफेकळी
मग काय गाळू? दोनच दिवस आहेत क्योतोला.

केइहानप्रेमी
काही गाळू नका, क्रम बदला. तुम्ही ओसाकात आहात ना? योदोयाबाशीहून केइहान रेल्वेची जलद गाडी थेट गिओन-शिजोला नेते, साधारण ५० मिनिटं. इनारी त्याच मार्गावर आहे, फक्त शेवटी साध्या गाडीत बदलावं लागतं. इनारीचं देऊळ रात्रंदिवस उघडं असतं. भल्या सकाळी आपल्या बुटांत जा, तोरींच्या, म्हणजे देवळाच्या कमानींच्या, रांगांतून हवं तितकं चढा, गर्दी व्हायच्या आत उतरा आणि गिओन-शिजोला या. किमोनो १० नंतरचा घ्या. अराशियामा दुसऱ्या दिवशी, साध्या कपड्यांत. क्योतोच्या सिटी बसच्या नादी मात्र या दिवसांत लागू नका. कियोमिझुच्या बस दारापर्यंत भरलेल्या असतात, किमोनोत उभं राहून हाल होतात.

मोगरावेणी
+१. आणि कियोमिझुला टॅक्सीने वर जा, चालत खाली या. आईंसाठी तरी नक्की. वरून सान्नेनझाका, निनेनझाका, यासाकाचा पॅगोडा, मग मारुयामा बाग आणि यासाका देवस्थान, सगळं उतरणीवर येतं. टॅक्सीत आधी बसायचं, मग दोन्ही पाय एकदम आत घ्यायचे. ओबीची गाठ मागे असते, टेकून बसता येत नाही, हे आईंना आधी सांगा. सान्नेनझाकाच्या पायऱ्यांवर पडलं तर तीन वर्षांत मरण येतं अशी तिथली जुनी समजूत आहे. भिऊ नका, पण मुलीचा हात धरा.

चाफेकळी
आईचं गुडघ्यांचं दुखणं आहे, वय ६८. खाली मांडी घालून बसता येत नाही. स्वच्छतागृहाचं काय, हा तिचा खरा प्रश्न आहे.

सह्यवारा
मग त्यांना साडीच नेसू द्या. काठपदराची साडी आणि वर शाल, किमोनोच्या शेजारी छानच दिसेल. वडीलधाऱ्यांना का त्रास द्यायचा?

मोगरावेणी
असं परस्पर का ठरवायचं? माझ्या सासूबाई तिथे सत्तरीत किमोनो नेसल्या आणि त्यांनाच सगळ्यात सहज जमलं. जन्मभर साडी नेसलेल्या बाईला निऱ्या सांभाळायची, छोटी पावलं टाकायची, जिना चढताना पुढून कापड उचलायची सवय असते. अडचण झाली ती आम्हा जीन्सवाल्या सुनांची. स्वच्छतागृहाचं असं: पाश्चात्य पद्धतीचंच शोधा, बहुतेक ठिकाणी असतं. आधी बाह्या वर खोचायच्या, मग एकेक थर वर घेऊन ओबीपाशी चिमट्याने अडकवायचा. कपडे वाळत घालायचे दोन चिमटे पर्समध्ये ठेवा. बाहेर आल्यावर मागून कुणीतरी एकदा बघायचं, खालचा थर वर अडकलेला नाही ना.

भ्रमणध्वनी
तुम्ही शाकाहारी असाल तर सांगतो: क्योतोत साधं सूपही शाकाहारी समजू नका, दाशीत, म्हणजे त्याच्या मूळ रश्शात, बहुधा वाळवलेला मासा असतो. नान्झेनजी मंदिराजवळच्या युदोफूचंही (गरम पाण्यातल्या तोफूचं) तेच, तोफू निर्धोक पण बुडवायच्या सॉसची चौकशी करा. देवळांतलं शोजिन र्‍योरी, म्हणजे भिक्षूंचं जेवण, मात्र पूर्ण शाकाहारी. यात्सुहाशी ही मिठाई खुशाल खा, तांदळाचं पीठ, दालचिनी आणि गोड बीन्सचं सारण.

चाफेकळी
आम्ही मासे खातो. कृपया किमोनोबद्दलच बोला.

अनाहूत
एक विचारायचं होतं. दुसऱ्यांचा पोशाख असा एका दिवसापुरता मिरवणं योग्य आहे का? २०१५ मध्ये बोस्टनच्या ललित कला संग्रहालयात प्रेक्षकांना किमोनो घालून मोनेच्या चित्रासमोर फोटो काढू देत होते, त्यावर निदर्शनं झाली होती. मी जपानला जाणार आहे, पण मन कचरतं.

योकोहामावासी
प्रश्न रास्त आहे. बोस्टनमध्ये आक्षेप घेणारे मुख्यतः आशियाई वंशाचे अमेरिकन होते, त्यांचे तिथले अनुभव वेगळे आहेत. इथे मात्र रोजच्या वापरातून किमोनो जवळजवळ गेलाय, आणि भाड्याच्या दुकानांत आज जपानी तरुणीही येतात. मला नेसवायला शिकवणाऱ्या आजी कुणी परदेशी बाई नीट नेसलेली दिसली की थांबून तिची गाठ सारखी करून देतात. आदर दाखवायचा तो वागण्यात दाखवा. गिओनमध्ये माइको, म्हणजे शिकाऊ गेइशा, दिसली तर तिच्या मागे कॅमेरा घेऊन धावू नका. तिथल्या खासगी गल्ल्यांत २०१९ पासून फोटोला मनाई आहे, १०,००० येन दंडाचे फलक आहेत, आणि २०२४ पासून काही गल्ल्यांत पर्यटकांना शिरायलाच बंदी आहे. हानामिकोजीचा मुख्य रस्ता मोकळा आहे.

फोटोवरून आठवलं. फोनच्या पुढच्या कॅमेऱ्याने काढलेला फोटो उलटा येत असेल तर ती सेटिंग बदला. त्यात उजवी बाजू डावीवर दिसते, आणि तसं फक्त मृत व्यक्तीला नेसवतात. जपानी ओळखीच्यांना असा फोटो पाठवू नका.

जुनाबाजार
हे सगळ्यांना सांगायला हवं. फार महत्त्वाचं.

चाफेकळी
दुकानाचं उत्तर आलं! १८८ चा किमोनो आहे, हाकामाही आहे, दोन्ही बाजूला काढून ठेवतायत. सकाळी १०:३० ची वेळ घेतली. आईला साडीचं सुचवून पाहिलं, तिने ऐकूनच घेतलं नाही, तिला जांभळाच रंग हवाय. इनारी पहाटे, मी आणि हेच जाऊन येऊ. आता शेवटचं: मुलगी सहा वर्षांची आहे. तिला झोरी झेपतील? आणि आम्ही कसे कपडे घालून जायचं?

योकोहामावासी
मुलांचा ओबी मऊ असतो, तिला आवळणार नाही. तिचे बूट पिशवीत ठेवाच, थकली की खुशाल घालू द्या, इथल्या आयाही तेच करतात. तुम्ही दोघींनी रुंद गळ्याचे गरम कपडे आतून घाला, उंच गळा किमोनोच्या मानेतून डोकावतो. वरून पुढे बटणांचा शर्ट. आधी केस बांधतात, मग डोक्यावरून काढायचा कपडा असेल तर सगळी केशरचना विस्कटते. आणि केसांना आदल्या रात्री तेल लावू नका, आईंनाही सांगा. तेलकट केसांत पिना टिकत नाहीत.