सासूबाईंचं एटीएम कार्ड ब्लॉक झालंय, पेन्शन कशी काढायची? (इंदूर)

सुदामानगर_सून
मंडळी, जरा अर्जंट आहे. सासूबाई काल संध्याकाळी राजवाड्याजवळच्या एटीएमवर गेल्या होत्या, पैसे निघेनात म्हणून मागे उभ्या एका मुलाने "लाओ अम्माजी" म्हणत कार्ड घालून दिलं, तरी निघाले नाहीत, मग त्यांनी पुन्हा पिन टाकला तर दर वेळी चुकीचा आणि शेवटी कार्डच ब्लॉक. पिन तोंडपाठ आहे हो त्यांना. नवीन कार्डाचा अर्ज करायचा की आपोआप सुरू होतं?

टिळकनगरचा_बंटी
ताई, तीनदा पिन चुकला की बहुतेक बँकांत तेवढ्यापुरतंच ब्लॉक होतं, दुसऱ्या दिवशी चालू. आज परत बघा टाकून.

निवृत्त_कॅशियर
वाट बघू नका! बंटी म्हणतो ते एरवी बरोबर आहे, पण इथे मधे तो मुलगा आलाय. पिन पाठ असून चुकतोय म्हणजे हातातलं कार्डच त्यांचं नसेल. मदत करतो म्हणतात, मागे उभं राहून पिन बघून ठेवतात आणि त्याच बँकेचं दुसरं कार्ड हातात देऊन खरं घेऊन जातात. तसं असेल तर ब्लॉक झालंय ते परक्याचं, सासूबाईंचं अजून चालूच! बऱ्याच कार्डांवर नाव नसतं, एखादी जुनी एटीएमची पावती काढा आणि शेवटचे ४ आकडे जुळवा. आत्ता.

सुदामानगर_सून
काका, नाही जुळत. मेसेजही आला नाही कारण खात्याला सासऱ्यांचा जुना नंबर आहे, तो बंद झालाय. गुगलवर कस्टमर केअरचा नंबर दिसतोय, लावते.

निवृत्त_कॅशियर
गुगलवरचा नको बाळ, तिथे खोटे नंबर टाकून ठेवलेले असतात. पासबुकावरचा घे, नाहीतर बँकेच्या साइटवरून, पत्ता डॉट बँक डॉट इन असाच संपतोय ना ते बघून. कार्ड हॉटलिस्ट (म्हणजे कायमचं बंद) करा म्हण, तक्रार नंबर आणि वेळ लिहून ठेव, कारण कळवल्यानंतर जे जाईल ते बँकेने सोसायचं असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. पैसे गेले असतील तर लगेच १९३० ला, सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, फोन कर. आणि औषधपाण्याला पैसे लागले तर सासूबाईंना पासबुक घेऊन काउंटरवर ने, विड्रॉल स्लिपवर मिळतात, कार्ड लागत नाही.

सुदामानगर_सून
कार्ड बंद केलं. वीस हजार गेलेत, १९३० वर नोंदवलं. आम्ही ब्रांचमध्येच आहोत, पैसे स्लिपवर मिळाले, मोबाइल नंबर बदलायचा फॉर्म भरला, पण तक्रारीच्या अर्जावर शिक्का द्यायला तयार नाहीत, सासूबाई रडायला लागल्यात.

निवृत्त_कॅशियर
शिक्का घेतल्याशिवाय उठू नका, तो तुमचा हक्क आहे. ३० दिवसांत उत्तर आलं नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे तक्रार करता येते, फी काही नाही, पण तिथे आधी बँकेला दिलेल्या तक्रारीचा पुरावा लागतो. नाहीच दिला तर रजिस्टर्ड पोस्टाने पाठव आणि पावती जप.

टिळकनगरचा_बंटी
ताई ब्रांच कुठली ते मेसेज करा, मी निघालोच. तिथून पोलीस ठाण्यात जाऊ, एटीएमचं सीसीटीव्ही फुटेज जुनं झालं की पुसलं जातं, अर्ज आजच गेला पाहिजे.