किती कोअरची केबल टाकायची? (अनुभव धागा)

फायबरच्या कामात कोअरचा (केबलमधल्या काचेच्या तंतूंचा) आकडा चुकला की केबल पुन्हा ओढावी लागते, आणि तेव्हा पैसे केबलला कमी, खोदाईला आणि परवानगीला जास्त जातात. सोसायटी, कारखाना, डेटा सेंटर, जे काम तुम्ही करता त्याचा हिशोब आकड्यांसकट लिहा.

पिगटेल
सोसायटी धरा. ४ विंग, प्रत्येकी ३० फ्लॅट. जीपॉनवर (एका फायबरवरून अनेक घरांना इंटरनेट देणारी पद्धत) विंगच्या डक्टमध्ये १:३२ स्प्लिटर (एका कोअरचा प्रकाश ३२ वाटांत वाटणारा भाग) ठेवला तर विंगला एक कोअर पुरतो. चालू ४, विंगमागे एक राखीव, गेट आणि सीसीटीव्हीला २. झाले १०. इथे १२ कोअर घ्यायचा मोह होतो, घेऊ नका. दुसरा इंटरनेटवाला आज ना उद्या येतोच. २४ घ्या.

कोअर वाचवायला १:३२ च्या पुढे आणखी १:४ लावू नका. १:३२ एकटाच साधारण १७ डीबी (प्रकाश किती कमी होतो त्याचं माप) खातो, १:४ आणखी ७. बी प्लस दर्जाच्या ऑप्टिक्सचं बजेट, म्हणजे चालणारा एकूण लॉस, २८. उरलेल्या ४ डीबीत अंतर, जोड आणि कनेक्टर बसवायचे म्हणजे ओएनटीवर (फ्लॅटमधल्या फायबर मोडेमवर) लाल दिवा ठरलेला.

ट्रे_नंबर_३
राखीव कोअर बहुतेक ठिकाणी नावालाच राखीव असतो. क्लोजरमध्ये (केबल जोडायच्या बंद डब्यात) चालू कोअर जोडतात, बाकीचे ट्रेमध्ये गुंडाळून झाकण लावतात. गरज पडली की प्रत्येक क्लोजर उघडत बसा! काम चालू असतानाच सगळे कोअर आरपार जोडा. २४ कोअरला नुसते दोन टोकांच्या पिगटेलचेच (एका बाजूला कनेक्टर असलेले फायबरचे छोटे तुकडे) ४८ जोड होतात. जोडावर चढवायच्या स्लीव्ह ५५ तरी आणा. मग ओटीडीआरने (फायबरमध्ये लॉस कुठे होतो ते दाखवणारं यंत्र) १३१० आणि १५५० नॅनोमीटर दोन्ही तरंगलांबींवर मोजा. १३१० वर ठीक आणि १५५० वर लॉस जास्त, म्हणजे फायबर कुठेतरी जास्त वळलंय. ट्रेमधला वळसा ३० मिमी त्रिज्येपेक्षा लहान नको.

चेंबर
कारखान्यात एकच केबल चार-पाच शेडवरून जाते. तिथे २४ कोअर म्हणजे १२ कोअरच्या २ ट्यूब (केबलच्या आतल्या नळ्या) की ६ च्या ४, हे ऑर्डर देण्याआधी विचारा. मला ६ च्या बऱ्या वाटतात. शेडपाशी एकच ट्यूब कापायची, बाकीच्या अखंड लूप करून ठेवायच्या. राखाडी आणि पांढरा कोअर बॅटरीच्या उजेडात सारखे दिसतात. निळ्यापासून ठरलेल्या रंगक्रमाने मोजा.

रॅक
डेटा सेंटरमध्ये १०० गिग एसआर४ ला (कमी अंतराच्या वेगवान लिंकचा प्रकार) ८ फायबर लागतात. १२ फायबरचा एमपीओ (अनेक फायबर एकत्र जोडणारा कनेक्टर) घेतला तर मधले ४ पडून राहतात. अशा ६ लिंकना ७२ कोअर टाकावे लागतात, कामाचे ४८. नुसता एसआर४ असेल तर ८ चा एमपीओ घ्या.

खोदकाम
जेसीबीचा दात लागला की ४८ च्या ४८ जातात, राखीवसकट. एका चरात ४८ पेक्षा दोन वेगळ्या रस्त्यांनी २४-२४ टाका. शक्य नसेल तर निदान प्रत्येक चेंबरमध्ये १० मीटर जादा केबल लूप करून सोडा, तुटली की ओढून जोडता येईल.

पिगटेल
आधीच कमी पडलेत त्यांच्यासाठी: दोन कोअरवर चालणारी लिंक बायडी एसएफपीने (स्विचमध्ये बसणारं, एकाच कोअरवर दोन्ही दिशांनी चालणारं मॉड्यूल) एकाच कोअरवर येते. एसएफपी जोडीनेच घ्यायचे, एका टोकाला १३१० पाठवणारा, दुसऱ्याला १५५०. दोन्हीकडे सारखाच बसवला तर लिंक येणार नाही.