अय्यंगार गुरुजी पुण्याचे कसे झाले?

प्रश्न: योगगुरू बी.के.एस. अय्यंगार मूळचे कर्नाटकातल्या बेल्लूरचे ना, मग आयुष्य पुण्यात कसं काय? आणि त्यांच्या योगवर्गातल्या त्या दोऱ्या, पट्टे, लाकडी ठोकळे कशाला?

चहाबाज: अरे १९३७ला कृष्णमाचार्यांनी पाठवलं त्यांना पुण्याला योग शिकवायला, कृष्णमाचार्य म्हणजे त्यांचे गुरू पण आणि बहिणीचे मिस्टर पण. अय्यंगारांचं वय जेमतेम अठरा, मराठीचा गंध नाही, त्यात लहानपणी टीबी, मलेरिया सगळं होऊन गेलेलं.

पेठकर: ठोकळा म्हणजे ज्याचा हात जमिनीला टेकत नाही त्याच्यासाठी. माझी आई साठीत शिकली, गुडघे धरून का होईना पण त्रिकोणासन करते 😄

निवांत: १९५२ला व्हायोलिनवाले मेन्युहिन भेटले, मग परदेशात नाव झालं. पुण्यात मॉडेल कॉलनीतली त्यांची योगसंस्था १९७५ची, पत्नी रमामणींच्या नावाने.

प्रश्नकर्ता: भारी! आईला विचारतो.