अपघाती मृत्यूच्या भरपाईवर व्याज कोणत्या तारखेपासून धरतात?

प्रश्न : सावदा

माझ्या धाकट्या बहिणीचे यजमान जून 2019 मध्ये फैजपूर रस्त्यावर ट्रकची धडक बसून गेले. त्यांचे वय 38 होते आणि केळी कापणाऱ्या टोळीची मुकादमी ते करीत. मागे बहीण, दोन मुले आणि सासूबाई आहेत. आधी दुःख, मग टाळेबंदी, यांत कागद जमवता जमवता जळगावच्या मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात अर्ज दाखल व्हायला फेब्रुवारी 2021 उजाडला. जुलै 2025 मध्ये 24,97,900 रुपये आणि त्यावर द.सा.द.शे. 7.5 व्याज असा निवाडा झाला. मी अपघाताच्या दिवसापासून चक्रवाढीने हिशेब केला, तर वकीलसाहेबांच्या तक्त्यातील आकडा त्याहून पुष्कळ कमी निघाला. विमा कंपनी अपिलात जाणार असेही कानावर आले आहे. तोवर व्याज थांबते का?

उत्तर : भुसावळ

वकिलांच्या कार्यालयात 21 वर्षे कारकुनी केल्यामुळे असे तक्ते पुष्कळ केले आहेत. मोटार वाहन कायद्याच्या कलम 171 नुसार व्याज दावा दाखल केल्याच्या तारखेच्या आधीपासून देता येत नाही आणि ते सरळव्याजच असते. दर कायद्यात ठरलेला नाही. तो न्यायाधिकरण ठरवते. आपल्या रकमेवर वर्षाला सुमारे 1,87,342 रुपये, म्हणजे महिन्याला 15,600 च्या आसपास व्याज होते. निवाड्यापर्यंतच्या साधारण 53 महिन्यांचे ते 8,27,000 च्या घरात जाते. अर्ज करण्यापूर्वी गेलेल्या 20 महिन्यांचे तीन लाखांहून अधिक रुपये मात्र हातचे गेले. हे लिहिताना मला बरे वाटत नाही, पण लोक दराच्या अर्ध्या टक्क्यासाठी भांडतात आणि तारखेकडे कोणी बघत नाही.

मूळ रक्कम बरोबर दिसते. मासिक उत्पन्न 12,000 धरले असावे. वर्षाचे 1,44,000, सर्वोच्च न्यायालयाच्या 2017 च्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे, स्वतंत्र व्यवसाय आणि वय चाळिशीच्या आत म्हणून भावी वाढीचे 40 टक्के मिळवून 2,01,600, अवलंबित चार असल्याने मृताच्या स्वतःच्या खर्चापोटी एक चतुर्थांश वजा करून 1,51,200. सरला वर्मा प्रकरणातील (2009) तक्त्यानुसार 36 ते 40 वयाला 15 चा गुणक लागतो, म्हणजे 22,68,000. सहवास, अंत्यविधी आणि मालमत्तेची हानी यांचे ठरीव आकडे दर तीन वर्षांनी 10 टक्क्यांनी वाढतात. ते मिळवल्यावर आपली रक्कम जुळते.

अपील 90 दिवसांत, औरंगाबाद खंडपीठाकडे होईल. केवळ अपील दाखल केल्याने व्याज थांबत नाही.

उत्तर : अमळनेर

भुसावळच्या उत्तरात एक भर घालतो, कारण आमच्या भावाच्या प्रकरणात इथेच गफलत झाली होती. कंपनीने काही रक्कम न्यायालयात भरली आणि ती सगळी मुद्दलातून वजा धरून पुढचे व्याज कमी दाखवले. निवाड्यात वेगळे काही लिहिलेले नसेल, तर भरलेली रक्कम आधी व्याजात वळती होते, उरेल ती मुद्दलात. समजा, निवाडा होताच कंपनीने 10 लाख भरले, तर त्यातून साधारण 1,73,000 रुपयेच मुद्दल फिटेल आणि 23 लाखांहून अधिक रकमेवर व्याज चालूच राहील.

मुलांचा वाटा सज्ञान होईपर्यंत बहुधा मुदत ठेवीत ठेवतात. त्यावरचे व्याज आईच्या खात्यात दरमहा जमा करण्याची परवानगी आताच मागून घ्या. नंतर प्रत्येक वेळी शाळेच्या फीची पावती जोडून अर्ज करावा लागतो, आणि त्या खेपा फार जिवावर येतात.

प्रश्नकर्ता : सावदा

दोघांचाही आभारी आहे. काल निवाड्याची नक्कल आणि मूळ अर्जाची प्रत शेजारी ठेवून पाहिली. अर्जावर 11 फेब्रुवारीचा आवक शिक्का आहे, दाव्याला क्रमांक मात्र 3 मार्चला पडला. निवाड्यात ‘अर्ज दाखल केल्याच्या तारखेपासून’ असे स्पष्ट लिहिले असताना तक्त्यात व्याज 3 मार्चपासून धरले आहे. वीस दिवसांचा फरक साधारण 10,000 रुपयांचा होतो. तक्ता दुरुस्त करावा म्हणून शिक्क्याच्या पानाची झेरॉक्स वकीलसाहेबांकडे देऊन आलो आहे.