गणितातून हेज फंड व्यवस्थापनाकडे: ही कारकीर्द प्रत्यक्षात कशी असते?

विद्यार्थिनी, डिचोली
मी गोवा विद्यापीठात गणिताच्या एम.एस्सी.च्या अंतिम वर्षाला आहे. अमेरिकेतील गणितज्ञ आणि गुंतवणूकदार जिम सायमन्स यांच्याविषयी वाचल्यापासून हेज फंड (मोजक्या श्रीमंत गुंतवणूकदारांचा पैसा घेऊन बाजार चढो वा पडो, नफा कमावू पाहणारा फंड) व्यवस्थापक होण्याचा विचार मनात घोळत आहे. घरच्यांचा आग्रह मात्र बँकेच्या परीक्षा द्याव्यात असा आहे. असा व्यवस्थापक दिवसभर नेमके काय करतो, त्याची मिळकत कशावर ठरते आणि फंड बुडाला तर त्याचे पुढे काय होते, हे कोणी जाणकार सांगू शकतील का?

निवृत्त बँक अधिकारी, म्हापसा
सायमन्स यांचे उदाहरण घेताना त्यांच्या आयुष्याचा कालक्रम पाहावा. १९३८ साली जन्मलेले सायमन्स १९६८ मध्ये अमेरिकेतील स्टोनी ब्रूक विद्यापीठात गणित विभागाचे प्रमुख झाले, गणितज्ञ शिंग-शेन चेर्न यांच्यासोबत त्यांनी मोलाचे संशोधन केले आणि चाळिशीत विद्यापीठ सोडून ते बाजारात उतरले. त्यांचा गाजलेला मेडॅलियन फंड १९८८ चा, म्हणजे पन्नाशीतला. पहिला हेज फंड १९४९ मध्ये काढणारे आल्फ्रेड विन्स्लो जोन्स तर समाजशास्त्रज्ञ आणि पत्रकार होते. वाढतील असे वाटणारे शेअर विकत घ्यायचे, पडतील असे वाटणारे उसने घेऊन विकायचे, स्वस्त झाल्यावर परत घेऊन फेडायचे आणि स्वतःची पुंजीही त्याच फंडात ठेवायची, ही त्यांची रीत. पदवी घेतली आणि व्यवस्थापक झालो, असे यांपैकी कोणाच्याही बाबतीत घडले नाही.

मूळ फोंड्याचा, सध्या मुंबईत एका फंडात नोकरीला
भारतात असे फंड सेबीच्या, म्हणजे भांडवल बाजाराच्या नियामक संस्थेच्या, २०१२ च्या नियमांनुसार पर्यायी गुंतवणूक निधीच्या तिसऱ्या वर्गात येतात. सर्वसाधारण गुंतवणूकदाराला किमान १ कोटी रुपये गुंतवावे लागतात, आणि व्यवस्थापक किंवा प्रवर्तकाला निधीच्या ५ टक्के किंवा १० कोटी रुपये, यांपैकी कमी असेल ती रक्कम स्वतःची ठेवावी लागते. त्यामुळे आपल्यासारख्या घरातून आलेल्याची सुरुवात दुसऱ्याच्या फंडात विश्लेषक म्हणूनच होते.

सव्वानऊला बाजार उघडण्यापूर्वी आमच्यासमोर एक तक्ता असतो: प्रत्येक सौद्यात किती रक्कम गुंतली आहे, वायद्यांसाठी (पुढील तारखेच्या सौद्यांसाठी) किती मार्जिन, म्हणजे तारण रक्कम, अडकले आहे आणि बाजार एकाएकी पाच टक्के पडला तर फंडाचे किती जाईल. दिवसाचा बराच वेळ सौदे शोधण्यापेक्षा त्यांचा आकार ठरवण्यात जातो, आणि व्यवस्थापकाची खरी पारख तिथेच होते असे माझे ठाम मत आहे.

मिळकतीचे दोन भाग असतात: जमा निधीवरील ठरावीक शुल्क आणि नफ्यातील वाटा. जगभर २ आणि २० टक्के हे जुने प्रमाण सांगितले जाते, मात्र ते आता सर्वत्र टिकलेले नाही. नफ्यातील वाट्यासाठी बहुधा पूर्वीच्या उच्चांकाची अट असते. शंभराचे सत्तर झाले, तर पुन्हा शंभर होईपर्यंत, म्हणजे जवळपास ४३ टक्के कमावेपर्यंत, वाट्याचा एक रुपयाही मिळत नाही. या काळात चांगली माणसे सोडून जातात, गुंतवणूकदार पैसे काढू लागतात आणि अनेक व्यवस्थापक फंडच बंद करतात. तुम्ही विचारलेल्या शेवटच्या प्रश्नाचे उत्तर पुष्कळदा या अटीत सापडते.

वाणिज्याचे प्राध्यापक, मडगाव
गणितावरच भिस्त ठेवणाऱ्यांनी लाँग टर्म कॅपिटल मॅनेजमेंट या अमेरिकी हेज फंडाचा इतिहास अवश्य अभ्यासावा. मर्टन आणि शोल्स या अर्थतज्ज्ञांना १९९७ मध्ये नोबेल मिळाले आणि पुढच्याच वर्षी, रशियाने कर्जफेड थांबवल्यावर, ते भागीदार असलेला हा फंड कोसळला. १४ वित्तसंस्थांनी सुमारे ३६० कोटी डॉलर ओतून तो सावरला. स्वतःच्या भांडवलाच्या पंचवीस पटींहून अधिक मालमत्ता त्यांनी कर्जाच्या बळावर धरली होती. आपल्याकडे या वर्गातील फंडाला निव्वळ मालमत्तेच्या दुपटीपलीकडे सौदे नेता येत नाहीत, ही मर्यादा मला अत्यंत योग्य वाटते.

विद्यार्थिनी, डिचोली
आपणा सर्वांची मी मनापासून आभारी आहे. मग बँकेची परीक्षा द्यावी की थेट मुंबई गाठावी?

निवृत्त बँक अधिकारी, म्हापसा
परीक्षा द्यावी, परंतु निवड झाल्यावर ट्रेझरी विभागात, म्हणजे बँकेचा स्वतःचा पैसा गुंतवणाऱ्या विभागात, जाण्याचा प्रयत्न करावा. रोखे आणि परकीय चलनाचे सौदे तिथे रोज हाताखालून जातात, आणि तोट्याची मर्यादा पाळण्याची शिस्तही पगार घेत अंगी बाणते.

मूळ फोंड्याचा, सध्या मुंबईत एका फंडात नोकरीला
सहमत आहे. सोबत संभाव्यता आणि सांख्यिकी पक्की करावी, प्रोग्रॅमिंग शिकावे आणि फंड व्यवस्थापकांसाठीची एनआयएसएमची (सेबीच्या प्रशिक्षण संस्थेची) प्रमाणपत्र परीक्षा नजरेसमोर ठेवावी.